घटी बसलेली हत्यारं

२३ सप्टेंबर १९५७, सोमवार
काचकारखान्याचं पत्र आलं. पुढच्या महिन्यापासून लाकडी खोकी बंद, पुठ्ठ्याची घेणार. सहा वर्षं आपण फक्त त्यांचीच ऑर्डर ठोकली. काळजीचं कारण नाही. पुठ्ठा भिजेल, दिवाळीआधी परत येतील. तोवर आपल्या चार सुतारांना कळता कामा नये. मालक शांत, तर कामगार शांत. पत्र गादीखाली ठेवलं.

२४ सप्टेंबर, घटस्थापना
काम नाही हे लपवायचं कसं? आंघोळ करताना सुचलं. खंडेनवमीला हत्यारं पुजतोच, यंदा नऊही दिवस पुजू. करवती, रंधे, पटाश्या शेडमध्ये देवीपुढे मांडून घेतल्या. दसऱ्यापर्यंत हात लावायचा नाही. हत्यारं ज्याची त्याची, पण नियम माझा. हजेरी चालू.
सोनबा मिस्त्री म्हणाला, "घट बसत्यात ठावं हाय मालक. हत्यारं बसल्याली पैल्यांदाच बघतोय." सगळे हसले. म्हणजे शांत आहेत.

२७ सप्टेंबर
कादर गाडीवाला सगळ्यांदेखत म्हणाला, काचकारखान्याच्या फाटकात पुठ्ठ्याचा ट्रक पाहिला. मी म्हटलं, नमुना असेल. म्हणे, "ट्रकभर नमुना, शेठ?" खोचक माणूस. चहा विचारला नाही.

३० सप्टेंबर, सोमवार
सकाळी सोनबा दोनदा मागे लागला. "येक दीस माझी करवत न् रंधा काढू का? देवीला नारळ फोडतो." कशाला ते सांगेना. नाही म्हटलं. एकाला सवलत दिली की शिस्त गेली.
दुपारी काचकारखान्यात गेलो. खरेदीवाल्या मारुतरावांना पुठ्ठा भिजण्याचा धोका समजावला. म्हणाले, "आमचं गोदाम गळत नाही." विचार करतायत असं वाटलं.

३ ऑक्टोबर, दसरा
सोनं वाटलं. छोटं भाषण केलं: काम थोडं थंड आहे, पण मी आहे.
सोनबा पाया पडला आणि हळूच बोलला. पत्राचं चौघांनाही पहिल्या दिवसापासून माहीत होतं. दिघीला लष्कराच्या बराकींच्या दारं-खिडक्यांचं वर्षभराचं काम निघालं होतं. मुकादम सोमवारी सुतार भरत होता. अट एकच, हत्यारं स्वतःची. हे चौघे रिकाम्या हातांनी जाऊन आले. जागा भरल्या.
मी विचारलं, तेव्हाच का नाही सांगितलंस?
म्हणाला, "तुमी पत्र लपवून बसल्याले. म्हनलं, बोललो तर मालकाचा धीर खचंल."
चौघांनी हत्यारं पोत्यात भरली. उद्या आठला या, म्हणालो. कशाला, ते कोणी विचारलं नाही.