तीस फुटांची रेघ

३ फेब्रुवारी, मंगळवार

कंपवात. डॉक्टरांनी शब्द असा सहज टाकला, जणू सर्दी-पडसंच! कागदावर गोगलगायीच्या शंखासारखं वेटोळं काढायला लावलं. काढलं. बघवेना. दोन महिन्यांपासून उजवा हात मध्येच उडतो, मला वाटलं थकवा.

"हाताचं काम काय करता?"

"रेघा ओढते."

ते हसले. त्यांना थट्टा वाटली.

४ फेब्रुवारी

कुणालाही सांगितलं नाही.

६ फेब्रुवारी, शुक्रवार

गॅलरीत तालीम. काम साधं – तीस फुटांची पांढरी भिंत, हातात कोळसा, या टोकापासून त्या टोकापर्यंत चालत एकच रेघ. न थांबता, हात न उचलता, एक तास. कॅमेरा फक्त हातावर. मग तीच फिल्म प्रोजेक्टरने त्याच रेघेवर पाडायची. वीस वर्षं हेच करतेय मी – शरीर, रेघ, पडदा. दादा म्हणतो, "भिंती खराब केल्या म्हणून लहानपणी मार खाल्लास, आता त्याचीच आमंत्रणं छापतेस!"

सहाव्या फुटाला हात उडाला. रेघेला दात फुटले. गॅलरीवाल्या बाई टाळ्याच वाजवायला लागल्या. "किती जिवंत!" ओलं फडकं घेतलं आणि सगळं पुसून टाकलं. जिवंत म्हणे!

९ फेब्रुवारी

डाव्या हाताने करून पाहिलं. तो हात कुणा परक्याचा वाटतो.

१२ फेब्रुवारी, गुरुवार

शर्टाची बटणं लागेनात. आरशासमोर उभी राहून रडले – बटणांपायी!

गॅलरीला फोन केला. प्रदर्शन रद्द.

"तब्येत बरी आहे ना?"

"तब्येत ठणठणीत. मन नाही."

खोटं बोलताना जीभ मात्र थरथरली नाही.

दुपारभर जुन्या फिल्म्स लावून बसले. केवढा स्थिर हात! स्वतःचाच हेवा वाटला. जे होतं ते एवढंच. आता उरलंय काय? जेवायचं, गोळ्या घ्यायच्या, खिडकीत बसायचं. कोळशाचा डबा कचऱ्यात टाकला. सोडवत नव्हता, तरी टाकला.

१५ फेब्रुवारी, रविवार

वहिनीचा फोन. माझ्या सगळ्या फिल्म्स तिनेच कापल्या-जोडल्या.

"रद्द का केलंस गं?"

"कंटाळा आला."

"कंटाळा आणि तुला? मला शेंड्या लावू नकोस."

शेवटी बोलून टाकलं. तिने "अगं बाई" सुद्धा म्हटलं नाही. मग म्हणाली, "मंगळवारी येते." आणि फोन ठेवला. एवढंच! परकी बाईसुद्धा दोन शब्द बोलली असती.

१७ फेब्रुवारी, मंगळवार

वहिनी चप्पल न काढताच आत आली. माझ्या कॉम्प्युटरवर एक फाइल लावली. त्यात फक्त माझा हात. मध्येच किंचित थरथरणारा. मागच्या फिल्ममधला, त्याच्या आधीचा, त्याच्याही आधीचा. अकरा मिनिटं.

"चार वर्षांपूर्वी पहिल्यांदा दिसलं. दर फिल्ममधून तेवढं कापत गेले. विचारायचा धीरच झाला नाही गं."

तिच्यावर ओरडले. ती ऐकून घेत राहिली. मग दोघींनी फाइल पुन्हा पाहिली.

चार वर्षं हा हात थरथरतच काम करत होता. त्याला आजार आहे हे कुणी सांगितलं नव्हतं, म्हणून करत होता.