हातावरची मासळी

५ नोव्हेंबर १९५१, ठाणे

काल नौपाड्यात डॉ. सबनिसांच्या घरी येऊन दाखल झालो. माडीवरची खोली मिळाली आहे. खिडकीखाली मागचे अंगण, विहीर, पेरूचे झाड. चव्वेचाळिसाव्या वर्षी शाळेतल्या चित्रकलेच्या तासाच्या सुरई आणि फुलपात्रातून सुटलो, याचा आनंद लपवता येत नाही.

डॉक्टर शरीररचनेचे मराठी पुस्तक लिहीत आहेत. चित्रे मी काढायची. नमुना म्हणून त्यांनी एक भले मोठे बाड पुढ्यात ठेवले: लिओनार्दोच्या हस्तलिखितांतल्या रेखाटनांच्या छायाप्रती. जेवायचे भान राहिले नाही. एकच हात, हळूहळू वळवत चहूबाजूंनी काढलेला. शेजारी बारीक उलट्या अक्षरांत टिपणे. माणूस डावखुरा, उजवीकडून डावीकडे लिहायचा. ते वाचायला डॉक्टरांनी आरसा ठेवला आहे. मी मोठ्या उत्साहाने आरसा धरला, आणि मग लक्षात आले की मला इटालियन येत नाही. डॉक्टर म्हणाले, "मास्तर, मीही दहा वर्षे असाच बघतोय."

९ नोव्हेंबर

आज काचेच्या बरणीत एक हात आला. कोपरापासून खालचा, डावा. खाडीत सापडलेल्या बेवारस माणसाचा. देह कायद्याप्रमाणे विच्छेदनासाठी गेला होता, बाकीचे मेडिकल कॉलेजच्या मुलांनी शिकून संपवले. औषधाच्या वासाने डोळे चुरचुरतात, पण बोटे फार सुंदर आहेत. अंगठा आणि तर्जनीच्या मधल्या कातडीवर एक छोटी मासळी गोंदलेली आहे.

मी ती काढली. डॉक्टर म्हणाले, "नक्षी खोडा. पोरांना स्नायू शिकायचेत, मासेमारी नाही." ब्लेडने शाई खरवडली. कागदावर डागही उरला नाही, याचा अभिमान वाटला.

१४ नोव्हेंबर

अंगणात मासळी घेऊन शेवंती म्हणून चेंदणीची कोळीण येते. आज डॉक्टरांच्या पत्नी प्रमोदिनीबाईंशी भाव करताना तिला मी दिसलो, तशी पाटी ठेवून जवळ आली. "मास्तर, तुमी मेल्यांची चित्रां कारता ना? माजा दाल्ला नारली पुनवेनंतर खाडीन गेला. होरी आयली, त्यो नाय आयला." होडी एकटीच परतली होती; नवऱ्याचे नाव मात्र तिने घेतले नाही. सोबत थोरला दीर दाजी होता, त्याने सांगितले: दामाजी. मग तिने स्वतःचा डावा हात पुढे करून अंगठ्याजवळ बोट टेकवले. "हितं मासली गोंदलीय. कंदी दिसली?"

मी नाही म्हणालो.

का, ते लिहिले पाहिजे. दोन बाजूंची चित्रे अजून बाकी होती. हात दाखवला असता तर ती घेऊन गेली असती. चित्रे झाली की सांगू, असे मनाशी ठरवले. उत्तर तोंडातून किती सहज गेले.

१८ नोव्हेंबर

बाडात टिपण आहे, डॉक्टरांनी एका इंग्रजी पुस्तकातून समजावले: लिओनार्दो एका म्हाताऱ्याजवळ बसून बोलला, म्हातारा शांतपणे गेला, मग त्याने त्याचे शरीर उघडले. निदान त्या दोघांची ओळख होती. मलाही आता ओळख आहे. नाव, गाव, बायको. तरी चौथी बाजू काढतोच आहे.

२१ नोव्हेंबर

चारही चित्रे झाली. जिन्यावरून उतरताना ठरवले होते, आजच सांगायचे. डॉक्टर म्हणाले, बरणी परत गेली, एव्हाना हाताची विल्हेवाटही लागली असेल. मग आता सांगून काय उपयोग? हा प्रश्न मला लगेच सुचला. मनाला किती बरा वाटला.

२५ नोव्हेंबर

शेवंतीने बोलावले म्हणून खाडीवर गेलो. देह सापडला नाही तर पळसाच्या पानांचा माणूस करून त्याला अग्नी देतात. भटजींनी पाने मोजून दिली, डोक्याला नारळ. "तुमाला मानसाचा आंग म्हाईत, तुमीच बांधा," ती म्हणाली. नकार कोणत्या तोंडाने देऊ?

छाती, पाय, उजवा हात नीट बांधला. डाव्या मनगटाशी दोरा सुटला. पुन्हा बांधला, पुन्हा सुटला. दाजी म्हणाला, "काय मास्तर, येक हात घरी इसरलाव काय?" लोक हसले. मीही हसलो.

सगळे जळले. डाव्या हाताची पाने राखेत हिरवीगार राहिली. शेवंती माझ्याकडे बघत नव्हती. विस्तवाकडे बघूनच म्हणाली, "त्यो हात कुनाजवल तरी हाय."

२६ नोव्हेंबर

पहिल्या चित्रावर मासळी आहे. खरवडली होती, तिथेच. खरवडली. दुपारी पुन्हा.

२७ नोव्हेंबर

चारही चित्रांवर. मी इतर तिन्हींवर ती कधीच काढली नव्हती. डॉक्टरांना दाखवली. त्यांना दिसत नाही. म्हणाले, "मास्तर, जरा झोप घ्या."

आरशात बघितले. चित्रातला हात जसा काढला होता तसा नाही. बोटे मिटत आली आहेत. दोरी ओढताना मिटतात तशी.

२९ नोव्हेंबर

चित्रे तिला देईन. ती जाळील, आणि तो सुटेल. हे ठरवून खाली गेलो. चित्रे छापखान्यात गेली होती. मी निजलो असताना डॉक्टरांनी पाठवून दिली. हजार प्रती. हजार हात, आणि प्रत्येक —

तिला काय सांगू? कुठले कुठले जाळशील म्हणून?

३० नोव्हेंबर

डाव्या हाताला औषधाचा वास. साबण, राख, लिंबू. जात नाही.

अंगठ्याजवळ खाजते.

१ डिसेंबर

शेपूट उमटले आहे. मग कल्ले. ब्लेड घेतले होते. हात मागे सरला. मी नाही मागे घेतला —

२ डिसेंबर, सकाळ

ती अंगणात आली आहे. प्रमोदिनीबाईंशी भाव चालला आहे. आज नको. उद्या नक्की सांगेन, नीट शब्द जुळवून. डावा हात खिशात ठेवून लिहितो आहे —

खिशात नाही. खिडकीच्या बाहेर गेला आहे. मी बसलेलाच आहे, तो तिला बोलावतो आहे. भाव थांबला. पाटी खाली ठेवल्याचा आवाज.

जिना वाजतो आहे. शेजारच्याच दाराची कडी तो हात काढतो आहे.

मला ती मास्तर म्हणते. आता दाराबाहेरून तिने "अवो" म्हटले, नवऱ्याला म्हणतात तसे. मला नाही. आणि माझ्या तोंडून ओ —