आवाजाची चाचणी

४ ऑक्टोबर, बुधवार

बोर्डिंगात आम्हा दोघी बहिणींत एक ट्रान्झिस्टर होता आणि त्याला एकाच कानात घालायचा इयरफोन. रविवारी दुपारी मदर झोपल्या की आम्ही कपड्यांच्या कपाटाआड बसायचो. इयरफोन माझ्या कानात, कारण मी मोठी. धाकटी माझ्या खांद्यावर हनुवटी टेकून बसायची आणि मी ऐकेन ते तिला कुजबुजत सांगायची. गाणीसुद्धा सांगायची! बातम्या फारच कंटाळवाण्या असल्या तर मनच्या रचायची. तिला ते कळायचं, तरी म्हणायची, पुढे सांग ना ताई.

आज बसथांब्यावर ती दिसली आणि आधी हेच आठवलं. साठी उलटलेल्या दोन बायका भर रस्त्यात गळ्यात पडून रडताना बघून कंडक्टरने माझी बॅग मुकाट्याने स्वतःच उतरवून दिली.

घर छोटंसं, दुमजली. वरचा मजला भाड्याने द्यायचा, सध्या रिकामा. मला मागची खोली दिलीय. फुलाफुलांची चादर, लिहायला टेबल, खिडकीतून अंगण दिसतं. आता कायमचीच राहा, म्हणाली. मी तरी तिथे एकटी भिंतींशी किती बोलणार? सव्वीस वर्षं मुलींच्या शाळेत कॉम्प्युटर शिकवला, निवृत्त झाले, मुलगा-सून दुसऱ्या गावी. दिवसातलं माझं एकच ठरलेलं काम म्हणजे संध्याकाळी सहाला फोनवर नातीला गोष्ट वाचून दाखवणं. टिल्ली सहा वर्षांची आहे, पण एक ओळ गाळलेली चालत नाही तिला.

जेवताना धाकटी हसून म्हणाली, बरी आयती सापडलीस. माझ्या कॉम्प्युटरची वाचा बसलीय. म्हटलं, पाहुणीला एक दिवस तरी बसून खाऊ दे.

५ ऑक्टोबर, गुरुवार

कॉम्प्युटर पुढच्या खोलीत आहे. मेहुण्यांचा, म्हणजे धाकटीच्या नवऱ्याचा. ते जाऊन दोन वर्षं झाली. दोघं मिळून एक गेम खेळायचे. धुक्यातलं डोंगराळ गाव, दोन दिवेवाले, आणि गल्लीगल्लीतून दिवे लावत जायचं. मारामारी नाही, पळापळ नाही. म्हातारपणाला साजेसा गेम, असं मेहुणे म्हणायचे म्हणे. मागच्या आठवड्यात तो खेळताखेळता क्रॅश झाला आणि तेव्हापासून कॉम्प्युटरमधून आवाज नाही.

हे दुखणं माझ्या ओळखीचं. गेम पडताना आवाजाचा ताबा सोडत नाही. मग दुसऱ्या कोणाला तो वापरता येत नाही. आधी स्पीकर माझ्या फोनला लावून पाहिले, ठणठणीत. वायरी काढून पुन्हा बसवल्या. सेटिंगमध्ये आवाजाचं डिव्हाइस बंद दिसलं, ते चालू केलं. ड्रायव्हर काढून पुन्हा टाकला, मशीन रीस्टार्ट केलं आणि टुण् वाजलं. धाकटीने टाळ्या पिटल्या.

मग माइकची चाचणी. पडद्यावर वाचायला एक पान आलं. दार उघडा. पाणी गरम आहे. आज कोण आलं? मी इथेच आहे. मी ती वाक्यं वर्गातल्यासारखी, शेवटच्या बाकाला ऐकू जाईल अशी वाचली.

गेम सुरू केला. पुलाजवळ कंदील घेऊन मेहुण्यांचा दिवेवाला उभा होता. तो म्हणाला, आलीस का?

मी माउसवरचा हात मागे घेतला. धाकटी म्हणाली, अगं, जुनं बोलणं साठवलेलं असतं त्यात. तिने पडद्यावर बोट ठेवलं. तिला मोकळेपणी रडता यावं म्हणून मी स्वयंपाकघरात गेले आणि उगाच धुतलेले कप पुन्हा धुतले.

७ ऑक्टोबर, शनिवार

माझी आंघोळ होईपर्यंत गेम पुन्हा क्रॅश, आवाज पुन्हा गेला. पुन्हा सगळं पहिल्यापासून. आजचं चाचणीचं पान मोठं होतं. मी अर्ध्यावर थांबणार होते, पण धाकटी शेजारी स्टूल घेऊन बसलेली. सगळं वाच ना, किती छान वाचतेस. माझ्या वाचण्याचं कौतुक केलं की मी विरघळते, हे तिला लहानपणापासून ठाऊक.

संध्याकाळी गंमतच झाली. गोष्टीतली राजकन्या दार उघडते, तिथे माझ्या तोंडून ‘दार’ येईचना. टिल्ली विचारू लागली, आजी, काय उघडलं तिने? शेवटी खिडकी उघडली म्हणाले. तिने खवचटपणे विचारलं, खिडकीतून घोडा आत कसा आला?

१० ऑक्टोबर, मंगळवार

काल पुन्हा क्रॅश, आज पुन्हा. चार वेळा तीच दुरुस्ती. एवढी निलाजरी तक्रार मी शाळेच्या लॅबमध्येही पाहिली नाही.

घसा धरलाय. ‘पाणी’ही म्हणता येत नाही, ग्लासाकडे बोट दाखवावं लागतं. औषधाच्या दुकानात चघळायच्या गोळ्या घेतल्या. तिथे एक पन्नाशीची बाई माझ्याकडे टक लावून बघत होती. गळ्यात छोटी वही-पेन्सिल अडकवलेली. दुकानदार म्हणाला, ह्या नर्सबाई, तुमच्या मेहुण्यांच्या शेवटच्या आजारात त्याच होत्या, आता बोलता येत नाही त्यांना. घरी विचारलं तर धाकटी म्हणाली, बिचारीला घशाचा आजार झाला.

मग तिलाच एक कल्पना सुचली. घसा पार बसण्याआधी टिल्लीच्या गोष्टी वाचून कॉम्प्युटरवर साठवून ठेवू, म्हणजे पोरीचा एक दिवस चुकायला नको. कोण करतं एवढा विचार दुसऱ्याच्या नातीचा? मला भरून आलं.

१२ ऑक्टोबर, गुरुवार

दोन दुपारी बसून अकरा गोष्टी वाचल्या. प्रत्येक पात्राचा आवाज वेगळा काढला. धाकटी मधात आलं खिसून आणून देत होती, पाठीवरून हात फिरवत होती. बाराव्या गोष्टीला आवाज कुजबुजीवर आला.

पुढच्या खोलीत मेहुण्यांचा दिवेवाला आता खूप बोलतो. आज त्याने विचारलं, ताईंनी निळा स्वेटर घातलाय का? रंग छान दिसतो त्यांना.

तो स्वेटर मी गेल्या महिन्यात घेतलाय.

१४ ऑक्टोबर, शनिवार

धाकटी बाजारात गेली होती. मी कॉम्प्युटरवरच्या नोंदी उघडल्या. काय कधी बंद पडलं, कोणी बंद केलं, ते मशीन स्वतःच लिहून ठेवतं. मुलींना मी हे नेहमी सांगायची, माणूस विसरतो, मशीन नाही.

पहिला क्रॅश खरा होता. २७ सप्टेंबर. त्यानंतर गेम एकदाही पडलेला नाही. ७ तारीख, ९, १०, सकाळी दहा ते सव्वादहा. आवाजाचं डिव्हाइस हाताने बंद केलेलं. मी आंघोळीला गेले की. दर वेळी.

ती वाट बघत होती माझ्या मोरीची कडी लागण्याची.

मग लपवलेली डिव्हाइसेस दाखव, असं केलं. यादीत स्पीकर होता, माइक होता, आणि खाली —

वरचे भाडेकरू — जोडलेले नाहीत.
नर्सबाई — जोडलेल्या नाहीत.
ताई — वापरात.

मला ताई म्हणणारं जगात एकच माणूस आहे.

१५ ऑक्टोबर, रविवार

आता कुजबुजही नाही. कागदावर लिहून तिच्यापुढे धरलं, तू जाणूनबुजून केलंस?

ती सूप ढवळत होती. नाकारलं नाही. म्हणाली, हे गेले तेव्हा गेममध्ये ते नुसते उभे होते, मुके. मग वरचे भाडेकरू एकदा सहज माइकवर बोलले आणि हे बोलायला लागले. आवाज संपला की गेम पडतो, ताई. मग दुसरा लागतो. तिचा स्वतःचा घेत नाही, तो तिने सगळ्यात आधी देऊन पाहिला होता.

मी लिहिलं, मग मीच का?

तर म्हणाली, तुझ्या आवाजाचं तू करत काय होतीस? भिंतींशी बोलायचीस. टिल्लीला काय, फोनवर हजार गोष्टी सापडतील. ते मला रोज विचारतात, जेवलीस का. दुसरं कोण विचारतं? दोन वर्षांत तू विचारलंस कधी?

आणि त्याच दमात म्हणाली, बस, सूप गार होतंय.

मी बसले. सूप प्यायले.

१६ ऑक्टोबर, सोमवार

औषधाच्या दुकानाच्या पायरीवर नर्सबाई भेटल्या. दोघी एकाच वहीत लिहीत बसलो, शाळेत चिठ्ठ्या फिरवाव्यात तशा. त्यांनी लिहिलं, मला त्या खोलीत वरच्या भाडेकरूंनी हाक मारली. आवाज त्यांचाच होता. पण त्यांची वाचा त्याआधी आठवडाभर गेलेली होती.

मग लिहिलं, एकाचा आवाज संपत आला की तोच दुसऱ्याला बोलावून आणतो. तुम्हाला कोणी बोलावलं?

मला कुठल्या मशीनने बोलावलं नाही. बहिणीने बोलावलं. तिच्या स्वतःच्या तोंडाने.

१७ ऑक्टोबर, मंगळवार

सहा वाजले. फोन माझ्या मांडीवर होता, वाजला नाही. आणि पुढच्या खोलीतून माझा आवाज आला. टिल्ली, आज कुठली गोष्ट? स्वच्छ, खणखणीत, शेवटच्या बाकाला ऐकू जाईल असा. ती खिदळली. मीच वाचत होते. एकही ओळ न गाळता.

मुलाचा मेसेज आला, आई, घसा एकदम बरा झाला की तुझा!

मी लिहिलं, ती मी नव्हते. टिल्लीला फोन देऊ नका.

उत्तर आलं, आई, आत्ताच बोललो आपण. मावशी म्हणालीच होती, तू हल्ली थोडा घोळ करतेस. आराम कर.

मावशी म्हणालीच होती. कधी? तेही आधीच करून ठेवलं होतं.

फोन आता धाकटीकडे आहे. चार्जिंगला, म्हणते.

१८ ऑक्टोबर, बुधवार

पुढच्या खोलीला कुलूप. घराचं दार आतून बंद, किल्ली तिच्या कमरेला. मला बरं नाही असं शेजारी सांगितलंय.

सहाला पुन्हा माझा आवाज. मी जिन्याखालचा मेन स्विच खाली ओढला. दिवे गेले, फ्रिज थांबला. माझा आवाज — थांबला नाही. विजेशिवाय वाचत राहिला. गोष्ट संपल्यावर म्हणाला, टिल्ली, उद्या तू मला वाचून दाखवायचं हं. मी एक छोटंसं पान पाठवते.

ती हो म्हणाली. आजीला कोण नाही म्हणेल —

दारावर मुठी आपटल्या. तोंडातून नुसती हवा.

धाकटी दुसऱ्या बाजूला होती. रडत होती, ऐकू येत होतं. म्हणाली, लहान आवाज पुष्कळ दिवस पुरतो गं, ताई. कुलूप काढलं नाही.

१९ ऑक्टोबर, गुरुवार

सकाळी ती न्हाणीघरात असताना केसांतला आकडा वाकवून पुढच्या खोलीच्या कुलपात फिरवला. कुलूप उघडलं, एक मिनिट मिळालं. यादी पाहिली.

ताई — संपत आले.
टिल्ली — जोडत आहे.

तिने मला बाहेर ओढलं. हातावर ओरखडे आहेत. तिचे. नखं तशीच कापते अजून, तिरकी.

सोमवारी वहीत ठरलं होतं, मी दिसले नाही तर नर्सबाई गुरुवारी पाचला मागच्या कुंपणाशी येणार. खिडकीच्या गजांतून वही जाईल, मी जाणार नाही. म्हणून लिहून ठेवते.

ही रोजनिशी सूनबाईच्या हातात द्यावी. मुलाच्या नको. तो मावशीला विचारेल.

निळा स्वेटर आणि गोळ्यांचा डबा नर्सबाईंना.

चष्मा, घड्याळ मुलाला. त्याच्यावर राग नाही.

कॉम्प्युटरची माझी हाताने लिहिलेली टिपणं शाळेला. पान चाळीस फाडून टाकावं. माइकची चाचणी आहे त्यावर.

धाकटीला काही नाही. तिने घेतलंय.

गोष्टींची बारा पुस्तकं टिल्लीला. पण वाचणारं माणूस तिच्यासमोर बसलेलं असावं, डोळ्यांना दिसणारं, हाताला लागणारं. फोनवर कोणीही —

चार वाजलेत. सहा नाही, चार. शाळेतून आल्या आल्या धरलं पोरीला. पुढच्या खोलीत मी म्हणतेय, शाब्बास, आता मोठ्याने.

वाचतेय ती. पहिली ओळ नीट वाचली. दुसरीत अडखळली, मी — ती — सांभाळून घेतेय तिला.

नर्सबाई, वही हाती आली की थांबू नका, पळा. सूनबाई, बाकीचं काही नसलं तरी चालेल, आधी टिल्लीच्या हातातला फोन काढून