पुसायचं राहिलेलं दृश्य

माय, तू गेलीस त्याला बावीस वर्षं होत आली. मी सिनेमे बनवतो हे तुला माहीत नाही. गाण्यांचे नाहीत. ज्यांच्याकडे कोणी बघत नाही अशा माणसांजवळ दिवसच्या दिवस कॅमेरा घेऊन बसायचं आणि ती जगतात तसं टिपायचं, एवढंच माझं काम.

हे शिकवलंस तूच. बाजाराच्या फाटकाशी बोटं झडलेला एक म्हातारा बसायचा, आणि मी तुझ्या पदराआडून त्याला न्याहाळत राहायचो. एकदा तू बखोट धरून मला त्याच्या शेजारी नेऊन बसवलंस. 'पाहाचं असन तं जवळ बसून पाह,' म्हणालीस आणि कामाला निघून गेलीस. दुपारपर्यंत तो मला त्याच्या गावच्या नदीच्या गोष्टी सांगत होता. पूर यायच्या आधी त्याला म्हणे पाण्याचा वास बदललेला कळायचा.

यंदा उन्हाळ्याच्या तोंडाशी मी कळमन्याच्या बाजारात गेलो, तू मिरचीचे देठ खुडायचीस तिथेच. बायका अजून तशाच बसतात, तोंडाला फडकं बांधून, आणि उन्हात ते लाल ढीग असे तरंगतात की आपण जागे आहोत की नाही तेच कळेनासं होतं. घशात तोच ठसका. मी सात वर्षांचा आहे, तू संध्याकाळी घरी येतेस, राखेनं हात घासतेस, पुन्हा घासतेस, तरी माझ्या गालाला लावत नाहीस. कोपरानं जवळ ओढतेस.

तिथे साठीची एक बाई भेटली. दोन दिवस तिनं मला बघू दिलं. तिसऱ्या दिवशी म्हणाली, 'काहून नुसता पाहून राहिला गा? हात चालव.' मी कॅमेरा बाजूला ठेवून देठ खुडायला बसलो. बोटांची आग झाली तशी ती हसली, आणि मग आपणहून बोलू लागली, सावनेरला दिलेल्या लेकीबद्दल, तिच्या न येणाऱ्या फोनबद्दल. पुढे एका दुपारी ती पोत्याला टेकून झोपी गेली. मी ते टिपलं. गालाला मिरचीचं एक बी चिकटलेलं, श्वासाबरोबर पदर हलतोय.

लोकांना दाखवण्याआधी मी सिनेमा तिला दाखवला. त्या झोपेपाशी तिनं पदर पुढे ओढला. 'झोपेतलं बाईमाणूस कोणाले दाखवाचं नसते, बाबू,' हळूच म्हणाली. 'पुसून टाक.' सोबत काम करणाऱ्या ज्यांनी ज्यांनी पाहिलं होतं ते म्हणत, सिनेमाचा जीव तिथेच आहे. तरी मी ते सिनेमातून काढलं. नंतर तिनं विचारलं तेव्हा, पुसलं म्हणून सांगितलंही.

पुसलं नाही, माय. पुसायला बसलो तेव्हा त्यात बारीकसा माझाच आवाज ऐकू आला. मी बोललो होतो हे मला आठवतही नाही. मी 'माय' म्हणतो, आणि ती झोपेतच 'हौ' म्हणते.

हे खरं तर तिला सांगायला हवं. पण तिला सांगितलं तर पुसावं लागेल. तुला पाठवावं लागत नाही, म्हणून तुला लिहिलं.