बाबांनी स्वतः चढवलेला पंखा

प्रिय बारक्या,

तू पाठवलेला पंखा शेवटी छताला लागला. वर्षभर तो खोक्यातच होता आणि बाबा त्या खोक्यावर चहाचा कप ठेवत होते, हे तुला मुद्दामच कळवलं नव्हतं. आपण दुकानात जळलेल्या पंख्यांचं वाइंडिंग करून घर चालवलं आणि पोरगा निघाला कमी विजेचे पंखे बनवणाऱ्या कारखान्यात, हे त्यांचं पालुपद तुला पाठ आहेच.

लागला तो आईमुळे. तिचा दमा वाढलाय, त्यात वीज रोज दुपारी जाते. तिच्या खोलीतला पंखा बाबांनी तीनदा वाइंडिंग केलेला. तो इन्व्हर्टरची बॅटरी बघता बघता संपवायचा. आई कधी तक्रार करत नाही, पण एका दुपारी ती पुठ्ठ्याने वारा घेत बसलेली बाबांना दिसली. त्यांनी लगेच खोकं फोडलं, शिडी लावली आणि पंखा चढवला. वीज आली तर तो नुसता गुरगुरत आचके द्यायला लागला. बाबांचा चेहरा काय खुलला म्हणून सांगू. मग मी कागद वाचून दाखवला, की याला जुना रेग्युलेटर चालत नाही, वेग रिमोटवरच बदलायचा. सवयीने तो त्यांनीच जोडला होता. तोंड वाकडं करून त्यांनी वायर बदलली. आता वीज गेली तरी पंखा संध्याकाळपर्यंत फिरतो आणि आई त्याच्याखाली निवांत झोपते. बिल आलं तेव्हा बाबा मीटर बंद पडलाय का ते बघून आले.

खरी बातमी पुढेच आहे. असले नवे पंखे आता दुकानात दुरुस्तीला येतात. आधी बाबा ते दारातूनच परत पाठवायचे. मध्यंतरी एक उघडून बसले, आतलं सर्किट उलटंपालटं करून पाहिलं आणि त्या दिवशी दुपारीच शटर ओढून घरी आले. आता ते दुकान कायमचं बंद करतील असंच मला वाटलं रे.

पण आता ते प्रत्येक नवा पंखा ठेवून घेतात. मागची फळी भरत आलीय. गिऱ्हाईक विचारतं कधी मिळेल, तर सरळ सांगतात, धाकटा आला की लगेच करून देतो. तुला फोन मात्र जीव गेला तरी करणार नाहीत, म्हणून मी लिहितेय. रजा काढून ये. काल त्यांनी कामाचं टेबल भिंतीपासून पुढे ओढलं, समोरासमोर दोघांना बसता येईल इतकं. मला म्हणाले, मागची धूळ काढायची होती.

तुझीच,
ताई