पाळीतला कवडू

सौंदड, २ सप्टेंबर १९५६
पोहोचलो एकदाचा. स्टेशनवर उमरावजी बैलगाडी घेऊन उभे होते. त्यांच्या कोहळी घराण्याने इथला तलाव बांधला, त्यावर मी माहितीपट करणार. आजचा तलाव कॅमेऱ्याने टिपायचा आणि जुना काळ चित्रं काढून हलता करायचा. मुंबईत सगळे हसले या कल्पनेला. हसा लेको. भात आणि तलावातल्या मासळीचा रस्सा इतका हाणला, की उमरावजींच्या आई, धुरपताबाई, खूश झाल्या.

५ सप्टेंबर
पाळ म्हणजे तलावाचा मातीचा बांध. तिची हकिकत धुरपताबाईंनी सांगितली. बांधली त्याच वर्षी ती फुटायला लागली, तेव्हा त्यांचा एक पूर्वज, कवडू, भगदाडात आडवा झाला आणि वरून माती टाका म्हणाला. लोकांनी टाकली. तेव्हापासून पाळ टिकून आहे.

कवडू दिसायचा कसा, कोणालाच ठाऊक नाही. मग आरसा घेऊन बसलो आणि त्याला माझंच तोंड दिलं. आम्हा चित्रं हलवणाऱ्यांचा आरसा हाच फुकटचा नट.

९ सप्टेंबर
कवडू मातीखाली जातो तिथेच संपवायचं माझ्या जिवावर आलं. म्हणून त्याला उठवला. माती झटकतो, पाळीवर चढतो, हिरव्या धानाकडे बघून हसतो. कागदांची चळत अंगठ्याने सरसर सोडली आणि तो असा झोकात उठला की मीच टाळी वाजवली.

धुरपताबाईंना दाखवलं. "काऊन उठवलं जी त्याले?" एवढंच विचारून त्या आत गेल्या.

१० सप्टेंबर
सकाळी पाळीला पाझर फुटला, कवडूच्याच जागी. तिथे आजवर ओलसुद्धा आली नव्हती, असं उमरावजी म्हणाले. सगळं गाव टोपल्या घेऊन धावलं, मीही माती वाहिली. टाकलेली माती आत जाते, कुठे जाते कळत नाही. खाली वस्ती आहे. पाऊस थांबत नाही.

११ सप्टेंबर
उठण्याची चित्रं चुलीत घातली, धुरपताबाईंच्या समोर. उरलेली चळत सोडून पाहिली. कवडू आडवा होतो, माती पडते, आणि तो उठतो.
ती चित्रं मी जाळली आहेत.

१२ सप्टेंबर
त्याला पुन्हा निजलेला काढला. शाई वाळली आणि कागदावर नुसतं भगदाड उरलं. पुन्हा काढला. पुन्हा तेच. मी निघून जातो म्हटलं, उमरावजींनी अडवलं नाही. पण रुळांवर पाणी आहे, गाडी नाही. धुरपताबाईंनी जेवायला वाढलं. माझ्याकडे बघत नाहीत.

१३ सप्टेंबर
भगदाड रुंदावलं. उमरावजी आईच्या देखत त्यात आडवे झाले. पाण्याने त्यांना बाहेर फेकलं. पाळीला ते नको आहेत. तिच्यातून जो उठला त्याचं तोंड —
मी फक्त माहितीपट करायला आलो होतो. मला फार भीती वाटते.

१४ सप्टेंबर
कोऱ्या कागदावर तो आलाय. मी काढला नाही. चळत सोडली — तो पाळीवरून उतरतो, चालत येतो, या ओसरीपर्यंत —

लोक बाहेर टोपल्या भरून उभे आहेत. कोणी हाक मारत नाही. धुरपताबाई रडताहेत.

मला नाही जायचं. बसल्या जागी छातीपर्यंत ओल चढलीय, तोंडात माती — मला वाचवा असं लिहायचं होतं, हात लिहितोय वरून माती टा