आप्पांच्या कपाटांचा दावा

आप्पा, कपाटांचे पैसे आले, व्याजासकट. सरकारी दवाखान्याला आपण दिलेली ती कपाटं, ज्यांच्यात कुणी एक खोट काढली नव्हती आणि तरी ज्यांचं बिल खात्याने तुमच्या डोळ्यांदेखत अडकवून ठेवलं. सरकारी काम, सहा महिने थांब, असं म्हणतात. आपल्या बाबतीत थांबायला तुम्हीच उरला नाहीत. बँकेचा मेसेज आला तेव्हा मी सुकापूरच्या घरात एकटीपुरता भात टाकत होते. कुणाला तरी ओरडून सांगावं म्हणून वळले, तर घरात माणूस कुठाय? आई तुमच्याही आधी गेलेली. गॅस बंद केला आणि बसून राहिले.

भांडण खरं तर खाटांचं. त्याच खात्याकडून आश्रमशाळेच्या खाटांचं कंत्राट घेताना तुम्ही गावच्या जत्रेचा अंदाज आदल्या वर्षीच्या तारखेवरून धरलात. मधे अधिक महिना येऊन गेलाय, जत्रा यंदा पुढे सरकणार, हे पालखीला खांदा देणाऱ्या माणसाच्या ध्यानात राहू नये! खाटा पोचवायच्या आठवड्यातच जत्रा आली, आणि कळंबोलीच्या आपल्या शेडमधले वेल्डर सगळे आपल्याच गावचे. मी म्हणाले, थांबवा त्यांना, दुप्पट मजुरी द्या. तुम्ही असं बघितलंत, जसं काही मी देवळात चप्पल घालून शिरले होते. "पालखी दारात येल आनि घरचा मानूस हितं खाटा जोडत बसंल? नाय जमायचं." शेडला कुलूप लागलं.

खात्यातल्या बाबूला तुमची दया आली होती. मी शेजारीच बसलेय. "लाइट नव्हती असं लिहून द्या काका, मुदत वाढवून मिळेल," तो म्हणतो, आणि तुम्ही मान हलवता. "लाइट व्हती साहेब. पोरं जत्रंला गेली व्हती." तो हसतो. "जत्रा कारणांत बसत नाही." "मंग नका बसवू." उठून तुमचं तोंड दाबावं असं मला वाटलं होतं, खोटं कशाला सांगू. खात्याने उरलेल्या खाटांचं कंत्राट मोडलं, त्या दुसऱ्याकडून महाग घेतल्या आणि वरचा फरक म्हणजे आमचं नुकसान, असं म्हणून तेवढी रक्कम तुमच्या कपाटांच्या बिलातून कापून घेतली. त्या ओढाताणीत शेड गेली. पण तुम्हाला शेडपेक्षा दुसरंच लागलं होतं. जेवताना मधेच हात थांबवून विचारायचात, "मी बुडवा हाय, ह्ये ठरवलं कोनी? त्यांनीच?"

कोर्टाने तेच विचारलं, आप्पा, फक्त जरा शुद्ध भाषेत. एका बाजूने नुकसान झालं म्हटलं म्हणून ते देणं होत नाही. आधी ते तिसऱ्या कुणीतरी ठरवायला हवं, आणि तोवर दुसऱ्या कामाच्या बिलाला हात लावायचा नाही. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. आपण दोघंही शहाणे नव्हतो हे बरंच झालं.

वकीलबाई म्हणायच्या, "अहो, प्रत्येक तारखेला यायची गरज नाही. मी आहे ना." तरी मी जायचे. इस्त्रीची साडी, सोबत डबा, पनवेल कोर्टाच्या व्हरांड्यातलं ते बाकडं. शिपाई दारात येऊन पुकारा करायचा आणि तुमचं पूर्ण नाव, आजोबांच्या नावासकट, खणखणीत घ्यायचा. दावा चालू असतानाच तुम्ही गेलात, तेव्हापासून त्याआधी 'मयत' लावायचा, पण घ्यायचा. मी उठून "हजर" म्हणायचे. तुमचं नाव आता दुसरं कोण घेतं? भाऊबंद जमिनीच्या व्यवहारांत बुडालेत, आणि मला तुमच्याविषयी बोलायला माणूस नाही. फार एकटं वाटतं.

निकालानंतर वकीलबाईंनी बजावलं होतं, खातं अपिलात जाऊ शकतं, मुदत संपेपर्यंत धीर धरा. मुदत संपली, पाठोपाठ पैसे आले. "मिटलं बघा," त्या फोनवर म्हणाल्या, "आता कोर्टाचं तोंड बघायला नको." मी हो हो म्हणाले, आभारही मानले. हे पत्र पाठवायला पत्ता नाही, आणि त्यांना दाखवलं तर त्या मला वेड्यात काढतील. म्हणून तुम्हालाच सांगते. मुदत संपेपर्यंत रोज सकाळी मला वाटायचं, करू दे त्यांना अपील.